शब्दाखालचं वाक्य

आमच्या बिश्केकच्या ऑनलाइन किरगिझ शब्दकोशाचा एक हट्टी नियम आहे: प्रत्येक शब्दाखाली कानांनी ऐकलेलं वाक्य हवं, आणि खाली ऐकणाऱ्याचं नाव. मनानं रचलेलं वाक्य चालत नाही.

तीन वर्षांपूर्वी, नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात मी दिवे लावले. ‘कारा दाली: लग्नाविना वय उलटलेली बाई’ असा अर्थ लिहिला आणि आमच्या गावच्या शेजारणीचं वाक्य ठोकून दिलं: ‘बुरुलकान शिकवते छान, पण कारा दालीच राहिली.’ खाली माझं नाव, मेरिम. बुरुलकान म्हणजे माझी एजे, वडिलांची थोरली बहीण. दोन वर्षांची होते तेव्हापासून तिनंच मला वाढवलं.

आता एजेनं नवा फोन घेतला आणि गावाहून, नारीनहून, राहायला येते म्हणून कळवलं. “तुझे सगळे शब्द वाचणार आहे,” म्हणाली.

मी संपादक तोक्तोसुन यांच्याकडे धावले; वडीलधारे म्हणून आम्ही त्यांना ‘बायके’ म्हणतो. “बायके, तो शब्दच काढून टाकू या.”

“काढल्यानं लोक बोलायचे थांबतात होय? शब्दापुढे ‘हिणवून’ अशी खूण कर. वाक्य बदल हवं तर, पण ऐकलेलं आण.”

बिनलग्नाच्या पुरुषाचा शब्द उघडून पाहिला, तर तिथं टोमण्याचा मागमूस नाही. असा संताप आला! आठवडाभर बाजारात, बसमध्ये कान टवकारून फिरले. मायेचं एकही वाक्य मिळालं नाही.

एजे कुरुतची, म्हणजे सुकवलेल्या दह्याच्या गोळ्यांची, पिशवी घेऊन आली. चहा ओतताना मला राहवेना. “एजे, एक शब्द तेवढा वाचू नकोस. त्याला दुसरं वाक्य शोधतेय मी.”

“कारा दाली ना? तो तेव्हाच वाचला, शाळेच्या कंप्युटरवर.”

“मग बोलली का नाहीस?”

“काय बोलायचं? खाली तुझं नाव होतं की! सगळ्या मास्तरांना बोलावून दाखवलं.”

“वाक्यासकट?”

“वाक्यावर हात धरला होता मी.”

मला रडूच फुटलं. एजेनं माझं डोकं मांडीवर ओढलं. “गप गं, माझ्या शिंगरा. वाक्य हवंय ना? घे: कारा दालीच्या घरची पोर शब्दकोश लिहिते.”

मी तिथंच बसून जुन्या वाक्याच्या जागी ते लिहिलं. एजेनं चष्मा चढवून दोनदा वाचलं आणि अख्खं पान शाळेला पाठवून दिलं.