कॅसेटची खरखर

माझी मैत्रीण अनुजा हिचं म्हणणं होतं की गेलं वर्षभर मी जो रॅपचा अल्बम ऐकतेय, तो मी ऐकलेलाच नाही. तिच्याकडच्या सीडीवरून तिनेच मला तो कॅसेटवर भरून दिला होता, आणि आता तीच नाक वर करून सांगत होती की कॅसेट म्हणजे झेरॉक्सची झेरॉक्स. सीडीत मात्र स्टुडिओत नोंदलं ते सगळं असतं, एक कणही न गाळता. मला रागच आला. त्यातले निम्मे इंग्रजी शब्द मला कळत नव्हते, पण गाणारा कुठे दम घेतो तेसुद्धा पाठ होतं. बँक मॅनेजरच्या मुलीने सुरतेजवळच्या उधन्यातल्या, लूमच्या खडखडाटात वाढलेल्या मुलीला कानांबद्दल शिकवावं, हे काही पटेना.

तरी उत्सुकता गप्प बसू देईना. वडिलांच्या कारखान्याला सुट्टी होती त्या दिवशी अनुजा ताटलीएवढा सीडी प्लेअर आणि हेडफोन घेऊन आमच्या खोलीवर आली. मी आधी आमच्या टेपवर कॅसेट ऐकली, मग सीडी. वर्षभर जिला मी गाण्याचाच भाग समजत होते, ती सतत चालणारी सूं सूं आमच्या कॅसेटची होती. ती गेली आणि तिच्यामागे लपलेलं एकेक ऐकू यायला लागलं. झांजेचा पातळ 'त्स', एकाने ओठ मिटले तो आवाज, मागे कोणीतरी दबकं हसलं ते. हार मान्य करावी लागली.

तेवढ्यात पलंगावर बसलेल्या आबांकडे माझं लक्ष गेलं आणि डोक्यात एक कल्पना आली.

आबा म्हणजे माझे वडील, भटू मास्टर. कारखान्यातली बिघडलेली लूम, म्हणजे कापड विणायचं यंत्र, दुरुस्त करणारे. पंचवीस वर्षं शेठ पाहुण्यांना सांगत आलेत की आमचा मास्टर कान लावतो आणि लूमचं दुखणं ओळखतो. पण गेले काही महिने घरात कुकरची शिट्टी झाली की आबा मानही वळवत नव्हते. आई तीन हाका मारायची तेव्हा एकीला ओ मिळायची. डॉक्टरचं नाव काढलं की म्हणायचे, तुम्हीच पुटपुटता. कान गेल्याचं शेठला कळलं तर मास्टरकी जाईल आणि कापडाच्या घड्या घालायला बसवतील, ही त्यांची धास्ती आम्हाला ठाऊक होती. त्यांनी निदान आमच्याशी तरी खरं बोलावं, एवढंच मला हवं होतं.

मी गोडीगुलाबीने त्यांना आधी कॅसेट ऐकवली, मग सीडी, आणि खरखर कशात आहे ते विचारलं. आबा म्हणाले, दोन्ही सारखंच. अनुजाला यातलं काही माहीत नव्हतं. काका, असं कसं, म्हणून ती हसली. मी तिला चिमटा काढला.

पण आबा हेडफोन काढेनात. त्यांनी सीडी पुन्हा लावायला सांगितली, आवाज पूर्ण मोठा करून घेतला आणि डोळे मिटून गुडघ्यावर बोटं आपटायला लागले. एकच गाणं तीनदा ऐकलं. बिघडलेल्या लूमपुढे उभे असावेत तशा कपाळावर आठ्या.

"हाई कोनी वाजाडत नही," ते शेवटी आमच्या अहिराणीत म्हणाले. "एकच तुकडा शे. परत परत जोडेल शे."

अनुजाने विचारलं, तुम्हाला कसं कळलं? आबा खुलले. म्हणाले, ढोलाचा तिसरा ठोका जरा लवकर पडतो, आणि दर फेरीला तेवढाच लवकर. लूमवर डिझाइनच्या साखळीतली एक खुंटी तुटली की कापडात तीच चूक ठरावीक अंतरावर येत राहते, तसं.

"मानूस दर येळे येगळा चुकस," ते म्हणाले.

कॅसेटमध्ये हे कळत नव्हतं, कारण आमचा टेप मुळात स्वतःच लंगडत चालतो. अनुजाने सीडीबरोबरची पुस्तिका उघडली. त्यात तसंच लिहिलं होतं. ढोल जुन्या एका रेकॉर्डवरून कापून घेतला होता. वर्षभर सीडी मिरवणाऱ्या अनुजाला जे ऐकू आलं नव्हतं ते माझ्या बापाने पकडलं, याचा मला इतका अभिमान वाटला की आपण आबांच्या कानांची परीक्षा घेतोय हे विसरूनच गेले. मग आठवलं, आणि आडून आडून न जाता सरळ विचारलं, "आबा, आन ती खरखर?"

त्यांनी हेडफोन काढला आणि बराच वेळ त्याची वायर बोटाभोवती गुंडाळली.

"नही आयकू येत. दोन वरीस व्हयनात."

मग सांगितलं, की लूमचा बिघाड ते आता तळहाताने ओळखतात. चालत्या लूमच्या सांगाड्यावर हात ठेवला की कळतं. कान नुसता जवळ नेतात, कारण शेठला ते बघायला आवडतं. एवढं बोलून त्यांनी मलाच विचारलं की या गाण्यात त्यांना ऐकू न येणारं आणखी काय काय आहे. मी झांजेचं सांगितलं. ती नेमकी कुठे पडते हे त्यांना हवं होतं.

त्यांनी पुन्हा हेडफोन लावला, आवाज तसाच मोठा. हेडफोनमधून बाहेर गळत होता तो फक्त झांजेचा त्स. धपधप त्यांच्या कानात राहिली आणि त्स माझ्या वाट्याला आला. मी दर त्सला बोट वर करत गेले. आबा बोटाकडे बघत गुडघ्यावर ताल धरत होते. थोड्या वेळाने माझे डोळे भरून आले, मी ओढणीने पुसायला गेले आणि एक त्स हुकला. आबांनी माझं बोट धरून बरोबर त्या जागी वर केलं.

"सोमवारले कानना डॉक्टरकडे जाऊत," ते म्हणाले. "तुनी मायले सांगी दे."

आई आत भाकरी थापत होती. हेडफोन कानावर असल्यामुळे आबा हे इतक्या मोठ्याने बोलले होते की तिला वेगळं सांगायची गरजच पडली नाही. आतली थापथाप थांबली होती.