मनालीची चाल

मित्रांनो, काल्हेर गावातल्या एका गोदामात थाटलेल्या स्टुडिओत खुंटीवर लोंबकळणारा काळा पोशाख म्हणजे मी. माझ्यावर जागोजागी छोटे चमकते गोळे चिकटवलेले आहेत. मला घालून कुणी हललं, की भोवतालचे कॅमेरे ते गोळे टिपत आणि व्हिडिओ गेममधलं पात्र तस्संच हलत असे.

मला पहिल्यांदा घातलं ते मनालीने. ती जवळच्या दिघाशी गावची, कबड्डी खेळणारी. तिचं पडणं-उठणं बघून स्टुडिओचा मालक कुणाल तिला इथे घेऊन आला. आम्ही दोघं मिळून राक्षस झालो, राणी झालो, घोडा नसताना घोड्यावर बसलो. बघणारे टाळ्या वाजवत. पडद्यावर तिचा चेहरा कधीच नसे, पण ती म्हणायची, "माजी उडी दिसते ना, बस हाय."

गेल्या वर्षी मात्र मला काहीतरी खटकू लागलं. नवा गेम नव्हता, तरी कुणाल तिला रोज बोलावी. नुसतं बस. ऊठ. वळून बघ. रड. दोन अनोळखी माणसं दारात उभी राहून पाहत, आपसात कुजबुजत आणि मनाली जवळ गेली की गप्प होत. तिची पाठ ताठ झालेली मला कळे.

एकदा तिने विचारलंच, "ह्ये कुटल्या गेमचं हाय?"

"सगळ्याच," कुणाल हसला. "एकदा सगळं कॉम्प्युटरमध्ये भरून ठेवलं, की तुलाही त्रास नको."

"म्हंजे मंग मला बोलवनार न्हाय?"

"तू ना, उगाच संशय घेतेस." पण बोलताना त्याने तिच्याकडे पाहिलं नाही.

आता चालणं आणि धावणं तेवढं उरलं होतं. दुसऱ्या दिवशी मनालीने मला चढवलं आणि पहिल्याच पावलाला मी दचकलो. ते पाऊल तिचं नव्हतं! टाच जड, एक खांदा पडलेला. तिने आपली खरी चाल मुद्दाम आत ओढून धरली होती.

कुणालने डोळे बारीक केले. "आज चाल वेगळी का?"

"आज अशीच हाय."

"मनाली, खरं सांग."

"आदी तुमी सांगा. माज्या मागारी ही चाल कोन वापरनार?"

दारातली माणसं एकमेकांकडे बघू लागली. मनाली आत गेली, कपडे बदलले, माझी नीट घडी घातली आणि निघून गेली.

त्यानंतर मला कुणीही घातलं नाही. मनाली आता गावात मुलींना कबड्डी शिकवते, असं झाडलोट करणारी राहीबाई सांगते. माझे गोळे गळताहेत, शिवण उसवली आहे. समोरच्या पडद्यावर मात्र कुणी न हलताच बायका बसतात, उठतात, चालतात. मी प्रत्येकीकडे संशयाने पाहतो. मग एखादी मनालीच्या त्या शेवटच्या दिवसासारखी खांदा पाडून, टाच आपटत जाते, आणि मला मनातून हसू येतं.

मित्रांनो, जुन्या वस्तू जपाच. पण गेममध्ये कुणी उडी मारली, की ती कुणाच्या पायांची, एवढं जरूर विचारा. आणि सांगणारा नजर चुकवतो का, तेही बघा.