विठाबाईची सतरा मिनिटं

साहेब, तुम्ही माझ्या आईची झोप कापली. गोड शब्दात लिहायला मला जमत नाही. नववीत शाळा सुटली, रिक्षा चालवतो, नाव राकेश.

मागच्या फेब्रुवारीत फिनलंडची एक बाई माझ्या रिक्षात बसली. पिर्क्को. वय साठीच्या पुढं, माहितीपट करते. द्राक्षात काम करणाऱ्या बाया बघायच्यात म्हणाली. मी म्हटलं, माझी आईच आहे की. एकवीस वर्षं ती ओझरकडच्या पॅकहाउसमध्ये उभी राहून घडातले खराब मणी कात्रीनं काढते.

पिर्क्को आठ दिवस आमच्या घरी नुसती येऊन बसली. चहा प्यायची, भिंतीवरच्या उन्हाकडं बघायची. कॅमेरा पिशवीतच.

"राक्या," आई म्हणाली, "ही शूटिंगला आलीय का सोयरीक जुळवायला?"

नवव्या दिवशी आईला सुट्टी होती. दुपारी पिर्क्कोनं कॅमेरा लावला, चालू केला आणि स्वतः बाहेर आली. तिची पद्धतच तशी. बंद करायचं बटण ज्याचं चित्रण त्याच्या हातात. त्याला वाटेल तेव्हा त्यानं थांबवायचं. प्रतही एकच, ती त्याचीच. वेळ तुझ्या आईचा, तर फिल्मही तिचीच, म्हणाली.

आई आधी स्टुडिओत बसल्यासारखी ताठ बसली. मग कंटाळून मेथी निवडायला घेतली. मग भिंतीला टेकली आणि झोपली.

मी चौतीस वर्षांचा आहे. आईला झोपलेलं मी कधी बघितलंच नव्हतं. मी उठायच्या आत तिची चूल पेटलेली, मी आडवा झालो तरी तिची भांडी चाललेली. उठवायला आत निघालो तर पिर्क्कोनं हात धरून पायरीवर बसवलं. दारातनं बघत राहिलो. झोपेतसुद्धा आईची दोन बोटं उघडमीट करत होती, कात्री चालल्यासारखी. किती तरी वेळ. मग हळू झाली. मग थांबली. तळहात मांडीवर उघडा पडला, लहान पोराचा पडतो तसा. पिर्क्को गुपचूप डोळे पुसत होती. मीपण.

आई दचकून उठली. "अगं बया, चालूच हाय व्हय हे?" आणि बटण दाबलं. झोप भरली सतरा मिनिटं.

"मला दाव की, झोपल्यावर मी कशी दिसते," आई म्हणाली. "सगळ्यांचं त्वांड दिसतं माणसाला, सोताचं झोपलेलं तेवढं नाय दिसत. पण या एवढुश्या काचेवर नको. मोठ्या पडद्यावर दाव."

पिर्क्को कॅमेऱ्यातलं मेमरी कार्ड आईच्या हातात देऊन गेली. तुमच्या फिल्म महोत्सवाची जाहिरात मीच वाचली, कार्ड तुमच्या टेबलावर मीच आणून ठेवलं. माझा गाढवपणा.

महोत्सवाच्या दिवशी आई नवी साडी नेसली. पॅकहाउसमधल्या लंकाबाईला घेऊन पहिल्या रांगेत बसली. पडद्यावर आई ताठ बसली, मेथी घेतली, आणि एकदम दचकून उठली. तीन मिनिटं. हॉल हसला, टाळ्या वाजल्या.

"विठे, झोपलीस कवा न् उठलीस कवा?" लंकाबाई म्हणाली.

 रिक्षात बसल्यावर आईनं हळूच विचारलं, "काढून टाकली व्हय रं? घोरत हुते का मी?"

दुसऱ्या दिवशी मी तुमच्या दारात. तुम्ही मोबाइलमधनं मान वर न करता म्हणालात, मधे काही घडतच नव्हतं. कार्ड कुठंय ते बघू.

काही घडत नव्हतं? एकवीस वर्षं चाललेला हात थांबला, साहेब. तुमच्या डोळ्यांदेखत थांबला, आणि तुम्हाला दिसला नाही.

तीन महिने झाले. आई आता दुपारी भिंतीला टेकली की आधी पदर तोंडावर घेते.

मूळ फिल्म आहे का पुसली? घरी या आणि तिच्या तोंडावर सांगा. ती घोरत नव्हती, हेही सांगा. कधी येताय?