दोन आटे

बायकोच्या उजव्या अंगावरून वारं गेलं, त्याला आता दोन वर्षं होतील. तेव्हापासून दिवसातून सहा-सात वेळा तिला कमोडवर नेऊन बसवायचं, दाराबाहेर थांबायचं आणि तिनं हाक मारली की उठवून परत पलंगावर आणायचं, हे माझं काम. दमलो असं म्हणायची मला सवय नाही. चाळीस वर्षं पंपांच्या कारखान्यात फिटर होतो, आणि तिथं दमलो म्हणणाऱ्याला कुणी खुर्ची आणून देत नसे.

एका सोमवारी सकाळी तिच्या वजनानं सीट एका अंगाला सरकली आणि ती कमोड आणि भिंतीमधल्या चिंचोळ्या जागेत घसरली. हाड वाचलं, पण मांडी काळीनिळी झाली. संध्याकाळी मुलगी आली, तिनं मांडी पाहिली आणि मला स्वयंपाकघरात गाठून हळू आवाजात म्हणाली, "बाबा, आई परत पडली तर मी तिला आजारी म्हाताऱ्यांच्या संस्थेत ठेवणार. तिथं बायका असतात सांभाळायला. तुमच्याच्यानं आता होत नाही."

"होतं की."

"आरशात बघा जरा."

मुलगी गेल्यावर बायको एवढंच म्हणाली, "मला कुठं पाठवू नका." मी म्हटलं, नाही पाठवणार.

दुसऱ्या दिवशी कोपऱ्यावरच्या हार्डवेअरवाल्याकडून सीट भांड्याला धरून ठेवणाऱ्या बोल्टांची नवी जोडी आणली. जुने नट गंजून असे बसले होते की पान्याला दाद देईनात, तेव्हा कमोडमागे आडवा पडून हॅकसॉच्या नुसत्या पात्यानं, दोन बोटं पुढं, दोन बोटं मागं, एवढाच हात हलवत ते कापून काढले. अख्खी दुपार त्यात गेली, पण घाई करून चालत नाही, पातं जरा वाकडं गेलं की भांड्याला चीर पडते. मग नवे बोल्ट घातले, खालून रबरी वायसर, त्यावर नट, आणि पान्यानं बेतानं आवळले. बायकोला बसवलं. तिनं इकडंतिकडं झुकून पाहिलं आणि म्हणाली, "आता हलत नाही." बऱ्याच दिवसांनी हसली.

शुक्रवारी सकाळी तिला बसवण्याआधी सहज सीटवर हात ठेवला, तर ती डावीकडून उचलली गेली. डावा बोल्ट खिडकीच्या कट्ट्यावर होता. त्यावर वायसर चढवलेला, वायसरावर नट, आणि नट दोन आटे फिरवलेला.

शाळा मी पाहिली ती रस्त्यावरून जाता-येता. जे काही शिकलो ते उस्तादाच्या हाताखाली, आणि त्याची पहिली शिकवण ही, की खोललेला बोल्ट कधी सुटा ठेवायचा नाही. त्याचा वायसर, त्याचा नट त्याच्याच अंगावर चढवायचा, दोन आटे फिरवायचे आणि मग ठेवायचा, म्हणजे काही हरवत नाही. त्यामुळं कट्ट्यावरचा तो बोल्ट पाहून मला आधी बरंच वाटलं. माझंच काम, म्हटलं. साफसफाईला खोलला असेन आणि विसरलो असेन. परत बसवला.

रविवारी दोन्ही बोल्ट कट्ट्यावर होते, शेजारी शेजारी.

घरात आम्ही दोघंच. दाराला आतून कडी असते. बायकोच्या उजव्या हातानं झग्याचं बटणसुद्धा लागत नाही आणि डाव्या हातानं काही करायचं तर तिला धड वाकता येत नाही.

"इथं कुणी आलं होतं का गं?" मी विचारलं.

"कोण येणार?" असं म्हणून ती भिंतीकडे बघत राहिली.

रविवारी बसवलेले बोल्ट सोमवारी सकाळी पुन्हा आवळून पाहिले आणि पाना फडक्यात गुंडाळून हार्डवेअरवाल्याकडे नेऊन दिला.

"आजोबा, लोक दागिने ठेवायला देतात, तुम्ही पाना?"

"राहू दे तुझ्याकडे थोडे दिवस."

"आजींनी मारायला घेतला होता काय?"

मी हसलो. घरी आलो, जेवण झालं, बायकोचा डोळा लागला, मीही आडवा झालो. गाढ झोपलो, कितीतरी महिन्यांत झोपलो नव्हतो तसा.

मंगळवारी सकाळी सीटवर हात टेकवायला गेलो, तर बायकोनं आधीच डावा पाय पुढं करून ती हलवून पाहिली होती. सीट पुरी फिरली. मी कट्ट्याकडे पाहिलं नाही. तिला पलंगावर नेऊन बसवलं, थांब म्हटलं आणि दुकानात गेलो.

"पाना आहे ना रे?"

"हा काय." त्यानं गल्ल्यामागून काढून दिला. "काल दुपारीच नाही का नेलात? तासाभरात परत आणून दिलात, चांगला पुसून."

मी म्हटलं, हो, खरंच की. म्हाताऱ्या माणसाला असं म्हणता येतं, पुढं कुणी काही विचारत नाही.

त्या रविवारी मुलगी आली. सकाळीच मी सगळं आवळून ठेवलं होतं. तिनं दोन्ही हातांनी सीट हलवून पाहिली आणि तिच्या कपाळावरची आठी जरा उतरली. मग पलंगाशी बसून तिनं आईला विचारलं, "आई, खरं सांग. परत हललं होतं का?"

बायकोनं माझ्याकडे पाहिलं. मग माझ्या हातांकडे पाहिलं.

"नाही गं," ती म्हणाली. "एकदम पक्कं आहे."

थोड्या वेळानं बायकोला कमोडवर जायचं होतं. मुलगी उठायला लागली, तशी ती म्हणाली, "तू बस, चहा घे. हे नेतील."

मी नेलं, बसवलं आणि नेहमीप्रमाणं बाहेर जायला वळलो.

"आज इथंच थांबा," ती म्हणाली. तिनं माझ्या दोन्ही हातांची बोटं एकत्र केली, आपल्या चांगल्या हाताच्या मुठीत घट्ट धरली, आणि तिचं होईपर्यंत सोडली नाहीत.