अप्पांचा उजवा पाय

अंजनाचं ऑफिस राजारामपुरीत, एका दातांच्या दवाखान्याच्या वरच्या मजल्यावर होतं. अमेरिकेतल्या हॉस्पिटलांच्या फायली तिथं कॉम्प्युटरवर यायच्या. डॉक्टरनं लिहिलेली नोट वाचायची आणि प्रत्येक दुखण्याला, प्रत्येक इजेला ठरलेला कोड लावायचा, हे तिचं काम. सात वर्षं झाली होती आणि तिच्या कामात चूक सापडणं अवघड असं सगळे म्हणायचे. म्हणून त्या बुधवारी तिचं काम तपासणारी फरहीन खुर्ची ओढून शेजारी बसली, तेव्हा अंजनाला वाटलं, दुसऱ्या कुणाचं तरी काही दाखवायला आलीय.

"ही फाईल तुझी ना?"

तिचीच होती. अठ्ठावन्न वर्षांचा माणूस. नऊ वर्षांपूर्वी पायी जाताना रेल्वेची धडक बसून डावा पाय गुडघ्याखाली गेलेला. आता उरलेला भाग दुखतो, नसलेली बोटं ठणकतात, मन उदास असतं. जुन्या इजेचे मागं राहिलेले परिणाम. अशा वेळी मूळ इजा कशानं झाली त्याचा कोड लावायचा आणि शेवटी 'एस' अक्षर जोडायचं.

"एस बरोबर आहे," फरहीन म्हणाली. "पण हा माणूस जीव द्यायला गाडीपुढं गेला, असा कोड लावलायस तू. कुठं लिहिलंय ते?"

अंजनानं नोट वरखाली केली. "उदास आहे असं लिहिलंय. आणि संध्याकाळी एकटाच रुळावर होता..."

"उदास तो आता आहे गं. पाय गेल्यावर कोण नाचणाराय? तेव्हा मरायला गेलता, असं डॉक्टरनं लिहिलंय का?"

"नाही."

"मग? नव्या मुलींना तूच शिकवतेस की. हेतू लिहिला नसेल तर अपघात धरायचा. माझ्या नजरेतनं सुटलं असतं तर जन्मभर त्याच्या कागदावर हे राहिलं असतं."

फरहीन रागावून बोलली नव्हती, तरी अंजनाचे कान तापले. तिनं कोड बदलला. पण ती पुढची फाईल उघडू शकली नाही. ती नोट वाचताना तिनं काही शोधलंच नव्हतं. एकटा माणूस, संध्याकाळ, रूळ, एवढं दिसल्याबरोबर तिला सगळं ठाऊक झालं होतं. कारण तिच्या बापाचं तसंच झालं होतं.

अप्पांचं, म्हणजे गोमटेश यांचं, गडमुडशिंगीत पेंड आणि भुश्शाचं दुकान होतं. अंजना अठराची असताना तिला पुण्याच्या कॉलेजात जायचं होतं आणि अप्पांनी नाही म्हणून सांगितलं. तेव्हा भर दुकानात, गिऱ्हाइकांसमोर ती म्हणाली होती, "तुमच्यासारखा बाप असण्यापेक्षा नसलेला बरा." त्याच दिवशी संध्याकाळी गावाबाहेर रुळावर अप्पांना गाडीनं उडवलं. जीव वाचला, उजवा पाय गेला.

चार दिवसांत गावानं ठरवून टाकलं. पोरीचं बोलणं लागलं म्हाताऱ्याला. पिठाच्या गिरणीत बायका तिला बघून गप्प व्हायच्या. अप्पा त्या संध्याकाळबद्दल चकार शब्द बोलले नाहीत, आणि अंजनानं कधी विचारलं नाही. विचारलं असतं तर उत्तर ऐकावं लागलं असतं.

पुढं शाहूपुरीतल्या सम्मेदचं स्थळ आलं. पाहायला आलेल्या मंडळींनी अप्पांच्या पायाचं विचारलं, तेव्हा दुसऱ्या कुणी तोंड उघडायच्या आत अंजनाच म्हणाली, "शुगरमुळं काढावा लागला." अप्पा समोर बसले होते. त्यांनी तिच्याकडं बघितलं आणि होकारार्थी मान डोलावली. त्यांना शुगर कधीच नव्हती. पण त्या दिवसापासून सासरचं माणूस घरी आलं की ते बिनसाखरेचा चहा मागून घ्यायचे. सहा वर्षं.

शनिवारी ती केएमटीच्या बसनं गडमुडशिंगीला गेली. आई बस्तीत दर्शनाला गेली होती. अप्पा बाहेरच्या सोप्यात, कृत्रिम पाय बाजूला काढून, गुडघ्याला तेल चोळत बसले होते. तिनं पाण्याचा तांब्याही उचलला नाही.

"अप्पा, त्या दिवशी रुळावर काय झालतं?"

अप्पांचा हात थांबला. "आज कुठनं आठवलं?"

"सांगा की."

त्यांनी तेलाची वाटी बाजूला सारली. "पलीकडच्या मळ्यात वैरण बघायला गेलतो. पायताण नवं, करकर वाजणारं. येताना रूळ वलांडला आन एक पायातनं निसटून खडीत ऱ्हायलं. मी अल्याड आलतो, अंजे. गाडी दिसत हुती, पण लांब वाटली. म्हटलं, घेतो पटदिशी. वाकलो, ते अडकल्यालं निघंना." त्यांनी तेलाचा हात धोतराला पुसला. "पायताणासाठी पाय घालवला. सांगायला तोंड हाय का? लोकं भलतंच समजत हुती, मी समजू दिलं. हसण्यापरास ते बरं."

"आणि मी काय समजत होते?"

"तू काय?"

"मी दुकानात बोलले म्हणून तुम्ही गेलात, असं."

"काय बोललीस?"

त्यांना खरंच आठवत नव्हतं की तिच्या तोंडून ऐकायचं होतं, कोण जाणे. अंजनाला ते वाक्य पुन्हा म्हणावं लागलं. खाली मान घालून, तेच शब्द, त्याच माणसाला.

"व्हय, म्हणालतीस," अप्पा म्हणाले. "लई राग आलता. मळ्यापातूर पुटपुटत गेलतो. पण रागानं माणूस मरतंय व्हय? अकरा वरसं हे डोक्यात घिऊन हिंडलीस? इचारायचं न्हाय?"

अंजना त्यांच्यासमोर खाली बसली.

"मग ते शुगरचं?" त्यांनी विचारलं. "मला वाटलं, पायताणाचं तुला कुठनंतरी कळलंय. बापाची लाज झाकाय खोटं बोलली पोरगी. लई बरं वाटलतं मला त्या दिवशी."

इथं गप्प बसता आलं असतं. अंजनाला तसा मोहही झाला.

"नाही अप्पा," ती म्हणाली. "तुमची नाही. माझी झाकत होते."

अप्पांनी नुसतं "हं" केलं. मग कृत्रिम पाय ओढून घेतला आणि त्याचे पट्टे आवळायला लागले. नेहमीपेक्षा जास्त वेळ लावला.

पाचच्या सुमाराला सम्मेद तिला न्यायला आला. मोटरसायकल लावून तो पायरीवर टेकला.

"अप्पा, ह्यांना सांगू?" अंजनानं विचारलं.

"पायताणाचं?"

"सगळंच."

"सांग. मी आत जातो," असं म्हणून ते काठी टेकत आत गेले.

तिनं सांगितलं. दुकानातलं वाक्य, गिरणीतल्या बायका, पाहायच्या दिवशीचं खोटं. तिचं संपल्यावर सम्मेद म्हणाला, "माझी आई सहा वर्षं त्यांना कारल्याची पावडर पाठवतीय."

"माहीत आहे."

"ते घेत होते?"

"रोज सकाळी. टाकून द्यायला त्यांना बरं वाटत नव्हतं."

सम्मेदला हसू आलं नाही. त्यानं हेल्मेट तिच्या हातात दिलं, चप्पल काढली आणि तिच्याकडं न बघता आत गेला. थोड्या वेळानं त्याचा आवाज आला, "गाडी केवढ्या लांब होती म्हणता अप्पा?" आणि अप्पा सांगायला लागले, आधी हळू, मग दुकानात बोलायचे तशा मोठ्या आवाजात.

आत जायचं अंजनाला धाडस झालं नाही. सासूबाईंना सांगायचं अजून बाकी होतं.