शेवटच्या बांधीचं मत

एकच मत होतं. दिव्यानीने ते सोमवारी सकाळी खैरी गावाला देऊन टाकलं आणि संध्याकाळी मुरमाडीला. वरून सायकलवर गाणं म्हणत घरी आली!

मत तिचं नव्हतंच मुळी. होतं तिच्या आईचं, इंदुताईचं. तलावाच्या पाणी समितीत अकरा जण. खैरीचे पाच, मुरमाडीचे पाच आणि पाटाच्या पार शेपटाला चौदा घरांची बोरटोली, तिची एकटी इंदुताई. तीन वर्षांत ती बैठकीत बोलली असेल तर "चहा झाला का सगळ्यायचा?" एवढंच.

आणि तलाव बंद होता. पाणी जिथून सुटतं ते तुडुम उघडायचा लोखंडी दांडा खैरीकडे. खैरीवाले आपल्या बांध्या, म्हणजे धानाचे वाफे, भरल्या की तुडुम लावून घेत, म्हणून चिडून मुरमाडीने त्याला आपलं कुलूप ठोकलं. झालं! दांडा आहे त्यांच्याकडे किल्ली नाही, किल्ली आहे त्यांच्याकडे दांडा नाही. नऊ दिवस हेच. वरच्या दोन्ही गावांत बोअर होते, थोडी ओल होती. बोरटोलीत मात्र निसवलेल्या धानाखाली बोट जाईल एवढ्या भेगा पडल्या होत्या. लोंबीत दूध भरायचे हेच दिवस. आणखी आठवडाभर पाणी आलं नाही तर लोंब्या उभ्याच राहणार, आत नुसती फोलपटं.

शुक्रवारी समिती ठरवणार होती, दांडा आणि किल्ली दोन्ही कोणाच्या हाती. पाच इकडे, पाच तिकडे. उरलं ते एक मत.

दिव्यानी दहावीत. मागच्याच महिन्यात ब्रह्मपुरीच्या एका कॉलेजात अभिरूप संयुक्त राष्ट्रसभा झाली. चिठ्ठीत तिला देश आला तुवालु. अकरा हजार माणसांचा, म्हणजे ब्रह्मपुरीहूनही लहान. पोरं फिदीफिदी हसली. पण दिव्यानीने वाचून काढलं की त्या सभेत मोठ्या देशाचंही एकच मत आणि तुवालुचंही एकच. मग तिने दोन बड्या देशांना असं टांगून ठेवलं, की दोघंही तिच्या बाकाशी येऊन लोणी लावू लागले. ढाल जिंकून आली ती. ढाल धानाच्या कोठीवर ठेवली आणि तिला वाटलं, आता काय, जग कळलं.

म्हणून खैरीच्या वारलूभाऊला ती म्हणाली, "मायचं मत तुमालेच, भाऊ. पन शुक्रवारी आमच्यावाल्या पाटात पानी पाह्यजे." आणि मुरमाडीच्या हरिदासभाऊला शब्दही न बदलता तेच. दोघांनी मान डोलावली. एका मताचे दोन सौदे!

एक गोष्ट ती विसरली. देशांच्या लेकी एकमेकांकडे दिलेल्या नसतात. खैरीच्या निम्म्या लेकी मुरमाडीत नांदतात. वारलूभाऊची सख्खी बहीण कमला हरिदासभाऊच्या शेजारची. सोमवारची गोष्ट बुधवारी तिच्या चुलीपाशी पोचली.

शुक्रवारी सकाळी तलावाच्या पाळीवर, म्हणजे काठच्या बांधावर, मोहाच्या झाडाखाली समिती बसली. खैरी एका बाजूला, मुरमाडी दुसऱ्या बाजूला, मध्ये रिकामी ताडपत्री. दोन्हीकडे काठ्या होत्या, टेकायला म्हणून आणलेल्या, पण टेकून कोणीच बसलं नव्हतं. दिव्यानी आईच्या मागे.

"इंदूबाई," वारलूभाऊ सावकाश म्हणाला, "तुमच्या पोरीनं आमाले शब्द देल्ला."

"आमालेबी देल्ला," हरिदासभाऊ म्हणाला.

कोणीतरी हसलं. "अबे, पोरगी हाय का दोन तोंडाची चूल!"

इंदुताईने वळून दिव्यानीकडे पाहिलं. आईला तिने विचारलंच नव्हतं.

"बोरटोलीचं मत रद्द करा," वारलूभाऊ म्हणाला. आणि नवल म्हणजे हरिदासभाऊनेही मान हलवली. महिनाभरात दोन्ही गावं पहिल्यांदा एका गोष्टीवर एक झाली होती, बोरटोलीला उडवण्यावर. पाचास पाच, निकाल नाही, पुढची बैठक दिवाळीनंतर. माणसं उठू लागली. दिवाळीनंतर! तोवर बोरटोलीत कापायला तणसच राहणार.

दिव्यानी उभी राहिली.

"मायले काईच माहीत नवतं," ती म्हणाली. "मीनं दोघायलेबी खोटं सांगतलं. मले वाटलं लई हुशारी हाय. मत रद्द करू नका. मले काय बोलाचं ते बोला."

"बोलून काय करू? पानी येते काय तुले बोलून?" हरिदासभाऊ खेकसला.

तेव्हा इंदुताईने पदर खोचला. "चाबी न् दांडा आमच्या टोलीले द्या."

आधी कोणाला कळलंच नाही. मग हशा उसळला. "चौदा घरं, अन् तलावाची मालकीन!"

हसणं थांबेपर्यंत ती थांबली. "वारलूभाऊ, तुमी तुडुम लवकर लावलं तर मरते कोन? मुरमाडी. हरिदासभाऊ, तुमी खैरीचे तोंडं बुजवून पानी खाली नेलं तर मरते कोन? खैरी. म्हनून तुमी एकमेकायले देत नाई. बराबर हाय तुमचं. पन मी लवकर लावलं तर कोन मरते?"

तिने खाली आपल्या टोलीकडे हात केला.

"माह्या बांधीत पानी येते तुमच्या दोघायच्या बांध्या उतरून. तुमाले कमी देल्लं तर माह्यावालं पयले बंद. मी चोरी करीन तं माह्याच घरची."

दिव्यानी बघतच राहिली. तुवालुवर तिने बारा मिनिटं भाषण ठोकलं होतं. आईने ते एवढ्यात उरकलं, आणि तेही कोणाला टांगून न ठेवता.

वारलूभाऊने मिशी चोळली. "ठीक हाय. पन भरल्या का नाई, हे सांगन कोन?" त्याने दिव्यानीकडे बोट केलं. "हेच पोरगी. दोन्ही गावची शेवटची बांधी पाहून हाक देन. तवाच बोरटोलीनं आपल्या पाटाचं तोंड उघडाचं. एक हाक खोटी निंगाली, का चाबी वापस."

शिक्षाच होती ती.

हरिदासभाऊने किल्ली काढून दिली, कुलूप निघालं, दांडा फिरला. खैरी शनिवारी दुपारी भरली. मुरमाडीची शेवटची बांधी पळसाच्या झुडपांमागे, आडवाटेला. रविवारी दुपारी दिव्यानी तिथे एकटीच उभी होती. पाणी चढत होतं, पण गोगलगायीच्या चालीने. बांधीच्या वरच्या कोपऱ्यात अजून चिखल उघडा होता. आणि मागे, दोन शेतं खाली, आई फावडं घेऊन पाटाच्या बंद तोंडाशी उभी. तिच्या पायाशी आपला धान, पानांच्या सुरळ्या झालेल्या.

"झालं काय वो?" आईची हाक आली.

झुडपांपाशी चिटपाखरू नव्हतं. चार बोटं पाणी कमी, कोणाला दिसणार होतं? "भरली" एवढंच म्हणायचं होतं. तीन अक्षरं.

"नाई!" दिव्यानी ओरडली. "अजून नाई, माय! चार बोटं बाकी!"

खाली फावडं हललं नाही. तासभर तरी दोघी तशाच उभ्या होत्या, एक वर, एक खाली, मध्ये सुकणारं शेत. मग पाण्याने तो कोपरा गाठला आणि तिने जी हाक दिली ती खैरीपर्यंत गेली असेल.

बोरटोलीच्या काठावरच्या दोन बांध्या गेल्याच. फोल. बाकीच्यांनी दिवस मावळेपर्यंत पाणी प्यायलं.

सोमवारी शाळेत जाताना खैरीच्या चहाटपरीवर वारलूभाऊने सायकल अडवली. "पोरी, मुरमाडीची बांधी पुरी भरली होती का?"

"भरली होती, भाऊ."

पोरीला नीट न्याहाळत त्याने बशी तोंडाला लावली. शेजारी फटफटीवर त्याचा पुतण्या बसलाच होता, बघून ये म्हणायचा अवकाश. वारलूभाऊ चहा प्याला आणि म्हणाला, "जाय, शाळा भरन आता."

पुतण्याला त्याने कुठेच पाठवलं नाही.