मायर्टल ॲनच्या तळाची फळी

माझी बोट कुणी चोरली असती तर मला परत मिळाली असती. हे मी नाही म्हणत, कायदा म्हणतो. मी ती चोराच्या नाही, व्हर्नल डायरच्या हाती दिली, आपणहून, हसत हसत, आणि म्हणून ती गेली.

स्किलेट कोव्ह या आमच्या खाडीच्या तोंडाशी व्हर्नलचं बोटींचं आवार होतं. तो बोटी दुरुस्त करायचा, हिवाळाभर सांभाळायचा आणि जुन्या बोटी विकायचाही. चाळीस वर्षं मी दर नोव्हेंबरात माझी शेवंड पकडायची बोट 'मायर्टल ॲन' त्याच्या आवारात चढवत आलो. किल्ली ऑफिसातल्या खिळ्याला अडकवायची, काय बिघडलंय ते तोंडी सांगायचं, त्याच्या किटलीतली करपलेली कॉफी प्यायची की झालं काम. आमच्याकडे पावती मागणं म्हणजे माणसाला तोंडावर चोर म्हणणं. माझ्या बापानं कधी मागितली नाही, मीही नाही. शहाणपणाचं बोलायचं तर आम्ही सगळे पिढीजात गाढव.

त्या वर्षी मला खुब्याचं ऑपरेशन करायचं होतं. बोट चढवली तेव्हा मी व्हर्नलला खाली वाकवून तळाची फळी दाखवली. कण्याला लागूनची, इंजिनाच्या बरोबर खालची. सप्टेंबरात मी तिच्यात पेचकस खुपसून पाहिला होता तर मुठीपर्यंत आत गेला. तेवढा मोसम निभावायला मी वरून डांबर फासून शिशाचा पत्रा ठोकला होता.

"आधी ही बदल, व्हर्नल. बाकी सगळं नंतर."

"बदलतो रे बाबा. तू तुझं कंबरडं बदलून ये, तोवर मी हिचं बदलतो."

एप्रिलमध्ये काठी टेकत आवारात गेलो तर ऑफिसला कुलूप, आणि माझ्या बोटीच्या जागी नुसत्या टेकणाच्या घोड्या. व्हर्नल कर्जात बुडाला होता हे सगळ्या गावाला माहीत होतं, फक्त मला नाही. तो दक्षिणेत बहिणीकडे पळाला होता. बोट मात्र कुठे गेली नव्हती. समोर धक्क्याला बांधलेली होती. तिच्या छपरावर मालकाची खूण म्हणून लावतात तो पिंजऱ्याचा तरंगता बोया माझा निळा-पांढरा नव्हता, कुणाचा तरी केशरी होता, आणि एक बाई पाइपानं तिचा डेक धूत होती.

"ए बाई! ती बोट माझी आहे."

तिनं पाणी बंद केलं. उंच, रुंद खांद्यांची, अडतिशीची असेल. "तुमची? मी डायरकडून विकत घेतलीय. कागद आहे माझ्याकडे."

"डायरची नव्हतीच ती!"

"तो म्हणाला, एका म्हाताऱ्यानं छोट्या बोटीच्या बदल्यात दिली."

"तो म्हातारा मीच, लिंडन कार्व्हर. आणि मी दुरुस्तीला दिली होती."

तिचा चेहरा पांढराफटक पडला. एवढं मी तेव्हाही पाहिलं होतं, उगाच नाही म्हणणार नाही. मग ती हळू म्हणाली, "मी अकरा वर्षं शेवंड पकडायच्या परवान्याच्या यादीत थांबलेय, मिस्टर कार्व्हर. बापानं जंगलाचा तुकडा विकून मला ही बोट घेऊन दिलीय. मी कुठे जाऊ?"

"खड्ड्यात जा," मी म्हणालो.

तिचं नाव रेने थिबोडो. इथून तीस मैलांवरच्या बंदरातली, म्हणजे आमच्या लेखी परदेशातली.

जिल्ह्याच्या गावी प्रेंटिस म्हणून वकीलबाई आहेत, त्यांच्याकडे गेलो. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला. वकिलानं चष्मा काढला की समजावं, आपलं काही खरं नाही.

"डायर बोटी विकण्याचा धंदा करतो, हे तुम्हाला माहीत होतं?"

"सगळ्या किनाऱ्याला माहीत होतं."

"आणि बोट तुम्ही स्वतः त्याच्या ताब्यात दिलीत. अशा व्यापाऱ्याकडून कुणी रीतसर, काही ठाऊक नसताना माल घेतला, तर मूळ मालकाचा हक्क घेणाऱ्याकडे जातो. बोट तिची झाली, लिंडन. तुमचं भांडण डायरशी."

"डायरकडे आता काय आहे?"

"काही नाही."

"आणि त्यानं रात्री कुलूप तोडून नेली असती तर?"

"तर तुमचीच राहिली असती."

तरीही मी दावा लावला. जुलैत हरलो. जज्ज भला माणूस होता, त्यानं मला सॉरीसुद्धा म्हटलं.

घरी आलो तर मायर्टल, म्हणजे माझी बायको, जिचं नाव बोटीला आहे, बीन्स शिजवत होती. "ती बाई माझं नाव घेऊन समुद्रावर हिंडतेय," ती म्हणाली. "निदान नाव तरी बदल म्हणावं तिला."

"बोटीचं नाव बदललं की बोट बुडते."

"मग बदलू दे की!" मायर्टल म्हणाली, आणि आम्ही दोघं हसलो. हसलो होतो, हे मी विसरू शकत नाही.

कारण फळीचं मी कुणालाच सांगितलं नव्हतं. मायर्टलला नाही, वकीलबाईंना नाही, रेनेला तर नाहीच. व्हर्नलनं ती बदलली नव्हती. बोट पाण्यात सोडण्यापूर्वी शेजारच्या वॉरन ॲलीनं तिचा तळ पाहिला होता. तो सहज बोलून गेला, "सगळा तळ लाल रंगानं चकाचक केला होता रे, तुझा तो पत्रासुद्धा." तो पत्रा कशासाठी आहे हे वॉरनला माहीत नव्हतं. ते जगात दोघांनाच माहीत होतं, आणि त्यातला एक पळाला होता.

सुरुवातीला मी सांगणार होतो. खरंच. केस चालू होती तेव्हा वाटायचं, बोट आपल्याकडेच येणार, आपणच फळी बदलू. हरल्यावर वाटलं, कायद्यानं बोट तिची ना, मग फळीही तिचीच. रोज सकाळी खिडकीतून ती माझ्या बोटीतून बाहेर पडताना दिसायची, आणि माझ्या तोंडाला कुलूप लागायचं. राग माणसाला ऊब देतो. मी त्या उबेत चार महिने बसून होतो.

बंदरातल्या माणसांनी त्यांच्या परीनं माझी बाजू घेतली. आमच्याकडे परका माणूस शेवंडाचे पिंजरे टाकू लागला की आधी त्याच्या बोयाच्या दांड्याला दोराचे दोन वेढे मारून गाठ घालतात. त्याचा अर्थ: कळलं असेल तर निघ, पुढच्या वेळी दोरच कापू. वॉरननं रेनेच्या वीसेक बोयांना गाठी घातल्या. तिनं एकेक सोडवली आणि पिंजरे पुन्हा तिथेच टाकले. दोर काही कुणी कापले नाहीत. तिची हिंमत पाहून वॉरनलाही जरा कौतुक वाटलं असावं.

ऑगस्टमध्ये एका दुपारी ती आमच्या दारात आली. हातात खोका. आत माझा जुना रबरी कोट, आमिष कापायची सुरी, आणि केबिनच्या भिंतीवर चिकटवलेला माझ्या बापाचा फोटो, कडा न फाडता सोडवलेला.

"हे केबिनमध्ये होतं. तुमचं आहे."

"बोटही माझीच होती."

"माहीत आहे मला." ती जायला वळली, मग थांबली. "एक विचारू का? तुमच्याशिवाय कुणाला विचारणार? पंप फार वेळ चालतो. तळात सारखं पाणी येतं. तुमच्या वेळी पण यायचं का?"

मायर्टल आत कपबश्या धूत होती. मी खोक्यातल्या बापाकडे पाहत होतो. एका वाक्याचं काम होतं. इंजिनाखाली पत्रा आहे, तो उचल. बस्स.

"लाकडी बोट आहे," मी म्हणालो. "लाकडी बोटी पाणी घेतातच."

"तेच म्हटलं मी वडिलांना," ती म्हणाली. तिला हायसं वाटलेलं दिसलं. "थँक्यू, मिस्टर कार्व्हर."

ऑक्टोबरच्या सतरा तारखेला सकाळी वायव्येचा वारा सुटला. जीवघेणा नाही, पण लाटा आखूड आणि उभ्या, बोटीला खालून ठोसे मारणाऱ्या. आमच्या स्वयंपाकघरात वायरलेस दिवसभर चालू असतो, इथल्या सगळ्याच घरांत असतो. मी अंडी खात होतो.

"मायर्टल ॲन बोलतेय. मायर्टल ॲन. पाणी चढतंय. इंजिनापर्यंत आलंय. मी काळ्या खडकाच्या बाहेर आहे."

मायर्टलच्या हातातलं उलथनं खाली पडलं. स्वतःचं नाव असं ऐकणं काय असतं, ते तिनं मला कधी सांगितलं नाही.

"मायर्टल ॲन. इंजिन बंद पडलं. कुणी आहे का?"

मी धक्क्यावर धावलो, काठी घरीच राहिली. वॉरन आणि आणखी दोघं दोर सोडत होते. मीही चढायला गेलो तर वॉरन ओरडला, "तू नको, तुझ्या पायानं आम्हाला अडचण होईल!" ते गेले. चाळीस वर्षांत पहिल्यांदा कुणी तरी बुडत होतं आणि मी जमिनीवर उभा होतो, जायला बोट नाही. ज्या बोटीतून गेलो असतो तीच बुडत होती.

दोन तासांनी ते रेनेला घेऊन आले. गार पाण्यात माणूस तेवढा वेळ जिवंत राहत नाही.

कोस्ट गार्डच्या माणसानं विचारलं, बोटीत काही दोष होता का? मी म्हणालो, जुनी बोट होती. त्यानं लिहून घेतलं. मग मी प्रेंटिसबाईंना फोन केला आणि पहिल्यांदा सगळं सांगितलं, पत्र्यापासून ते ऑगस्टमधल्या त्या वाक्यापर्यंत.

"तुमच्यावर काही आलं तरी ते सिद्ध करणं कठीण आहे," त्या म्हणाल्या. "बोट तुमची नव्हती, विकलीही तुम्ही नाही. पण लिंडन, यापुढे हे कुणाजवळ बोलू नका."

मायर्टल दारात उभी राहून ऐकत होती.

"तुला माहीत होतं," ती म्हणाली.

"मायर्टल, मी..."

"मला नको सांगूस. मी काय करू त्याचं? तिच्या बापाला जाऊन सांग."

तीन दिवसांनी गेलो. ओमेर थिबोडो, सत्तरीचा, ठेंगण्या बांध्याचा माणूस, लाकडाच्या कारखान्यातून निवृत्त झालेला. त्यानं मला ओळखलं, आत घेतलं, खुर्ची दिली. टेबलावर शेजाऱ्यांनी आणून दिलेल्या जेवणाची भांडी तशीच झाकून पडली होती. तो म्हणाला, "ती तुमच्याबद्दल चांगलं बोलायची. म्हणायची, शिव्या देतो पण समोरून देतो."

मी सांगितलं. काही गाळलं नाही. फळी, पेचकस, पत्रा, दारातला प्रश्न, माझं उत्तर. सांगताना टोपी हातात चुरगळत होतो. माझं बोलणं संपलं तरी तो भांड्यांकडेच पाहत राहिला. मला वाटलं, आता हा उठेल, मला मारेल. मारावं असं वाटत होतं. त्यासाठीच गेलो होतो म्हणा ना.

तो उठला नाही.

"आमच्या घरातल्या तिघांना समुद्रानं नेलं," तो म्हणाला. "माझा भाऊ, बायकोचे दोन मामा. रेनेलाही समुद्रानं नेलं, असं मी रोज रात्री स्वतःला सांगत होतो. समुद्राशी भांडण नसतं. झोप लागायला लागली होती मला." त्यानं पहिल्यांदा माझ्याकडे पाहिलं. "तुला हे एकट्याला पेलवलं नाही, म्हणून तू माझ्याकडे घेऊन आलास. आता मी हे कुणाकडे नेऊ?"

त्यानं थोडा वेळ वाट पाहिली, खरोखरच वाट पाहिली, मी काही तरी सांगेन म्हणून. मग त्यानं एक भांडं उघडलं, आतलं बघितलं आणि पुन्हा झाकून ठेवलं.